पहिल्या पुस्तकाचा कैवार

गेल्या वैशाखात आमच्या विंचूरला एका विद्वान गृहस्थांचे व्याख्यान झाले. विषय होता शेतकरी आणि नवे अर्थशास्त्र. वक्ते अभ्यासू होते, वाणी ओघवती होती, आणि श्रोत्यांत कांदा पिकवणारी माणसेच अधिक असल्यामुळे कांद्याचा उल्लेख आला की टाळ्याही पडत होत्या. शेवटी त्यांनी एक सल्ला दिला. ते म्हणाले, अर्थशास्त्राची जी जाडजूड प्राथमिक पुस्तके महाविद्यालयांतून इतकी वर्षे वाचली गेली, ती आता खुशाल रद्दीत घालावीत. नाव घेतले ते पॉल सॅम्युअलसन या अमेरिकन पंडिताच्या ‘इकॉनॉमिक्स’चे. ते पुस्तक परक्या मुलखाचे आहे, ते शिळे झाले आहे, आणि ज्याच्या त्याच्या हाती फोन आल्यामुळे त्याची गरजही उरलेली नाही, असे तीन आरोप त्यांनी ठेवले. आरोपीच्या बाजूने कोणी उभे राहिले नाही. आभार मानले गेले, चहा झाला, माणसे घरी गेली.

मी सभेत होतो. त्या पुस्तकाची एक प्रत माझ्या घरी आहे. तरी मी गप्प बसलो. मॅट्रिकपर्यंत शिकलेल्या शाळामास्तराने, त्यातून कादंबऱ्या लिहिणाऱ्याने, अर्थशास्त्राच्या जाणत्याला भर सभेत अडवावे, हे मला त्या वेळी शोभणारे वाटले नाही. घरी आल्यावर मात्र माझी मलाच लाज वाटली. कारण त्या पुस्तकाचे मजवर ऋण आहे. ते कोणते, हे सांगितल्यावाचून माझा कैवार कोणाला उमगणार नाही. म्हणून आधी तेच सांगतो.

२०२३ सालच्या फेब्रुवारी-मार्चमधली गोष्ट. रांगडा कांदा मायंदळ पिकला होता. लासलगावला काय आणि आमच्या विंचूरच्या उपबाजारात काय, ट्रॅक्टरांच्या रांगा संपत नव्हत्या. क्विंटलचा सरासरी भाव पाच-सहाशे रुपयांवर आला होता आणि हलक्या मालाला त्याहूनही कितीतरी कमी मिळत होते. तिकडे सोलापूरच्या बाजारात ५१२ किलो कांदा विकून, हमाली-तोलाई-भाडे वजा जाता, एका शेतकऱ्याच्या हाती दोन रुपयांचा धनादेश पडला, ही बातमी त्याच दिवसांतली. मार्चमध्ये नाशिक जिल्ह्यातून शेतकरी पायी मुंबईकडे निघाले. सरकारने क्विंटलला ३५० रुपये, तेही एका शेतकऱ्यामागे २०० क्विंटलपर्यंत, अनुदान जाहीर केले.

त्या दिवसांत मी सातवीच्या वर्गाला एक निबंध घातला होता. विषय आपला नेहमीचा, ‘कष्टाचे फळ’. मास्तरांना असे विषय फार आवडतात. त्यांत विचार करावा लागत नाही, मुलांना नाही आणि मास्तरांना तर नाहीच. चाळीस वह्यांत चाळीस मुंग्या आणि चाळीस कोळी आपापले कष्ट करून फळ मिळवीत होते. एका मुलाच्या वहीत मात्र निराळेच वाक्य आले. त्याने लिहिले होते, “यंदा माझ्या वडिलांनी खूप कष्ट केले म्हणून आम्हाला तोटा झाला.”

मी लाल शाईने ‘म्हणून’ या शब्दाभोवती वर्तुळ काढले आणि वर ‘तरी’ असे लिहिले. कष्ट केले तरी तोटा झाला. व्याकरण शुद्ध झाले, तात्पर्य शुद्ध झाले, आणि मी पुढची वही घेतली.

ते पुस्तक मला त्याच वर्षी पावसाळ्यात नाशिकला जुन्या पुस्तकांच्या दुकानात मिळाले. पहिली चार पाने गळालेली होती. पाठीवर एकच नाव होते, म्हणजे ती १९८५ पूर्वीची आवृत्ती असली पाहिजे. कारण त्या वर्षापासून विल्यम नॉर्डहाउस हे दुसरे नाव लेखक म्हणून जोडले गेले. माझे इंग्रजी बेताचे. शब्दकोश शेजारी घेऊन रोज दोन पाने या गतीने मी वाचीत होतो. आणि अगदी आरंभीच, जिथे लेखक विद्यार्थ्यांना चकित करणारी काही विधाने मांडतो तिथे, मला माझ्या विद्यार्थ्याचे वाक्य भेटले. सगळ्या शेतकऱ्यांनी जीव तोडून मेहनत केली आणि निसर्गानेही साथ देऊन पीक भरघोस आले, तर त्या सगळ्यांचे मिळून उत्पन्न घटू शकते, अशा अर्थाचे ते विधान आहे.

सातवीतल्या मुलाने लिहिलेला ‘म्हणून’ मी खोडला होता. तो नोबेल पारितोषिक मिळवलेल्या पंडिताने आपल्या पुस्तकाच्या उंबरठ्यावर मांडून ठेवला होता.

याचे कारण ते पुस्तक ज्या रीतीने उलगडते ती रीत मला इतकी साधी वाटली की हे आपल्याला आजवर कोणी का सांगितले नाही, असे झाले. आकडे माझे आहेत, रीत पुस्तकाची. समजा, एका शेतकऱ्याकडे १०० क्विंटल कांदा निघाला आणि भाव २,००० रुपये आहे. हाती २ लाख आले. पुढच्या वर्षी साऱ्या मुलखात पीक सव्वापट आले. त्याच्याकडेही १२५ क्विंटल निघाला. पण कांदा स्वस्त झाला म्हणून मुंबईच्या चाळीतली बाई काही कालवणात सव्वापट कांदा घालीत नाही, आणि महाग झाला म्हणून तो एकदम सोडूनही देत नाही. लागेल तेवढा घेते. खाणारे तेवढेच खातात आणि माल सव्वापट येतो, तेव्हा तो सारा खपेपर्यंत भाव घसरत जातो आणि तोही मालाच्या वाढीपेक्षा अधिक. धरा, तो १,२०० वर आला. १२५ क्विंटलचे दीड लाख झाले. पीक वाढले पंचवीस क्विंटलांनी आणि उत्पन्न घटले पन्नास हजारांनी. शिवाय त्या वाढीव पंचवीस क्विंटलांची काढणी, पोती, ट्रॅक्टरचे भाडे, हमाली ही अंगावर पडली ती वेगळीच.

आता याच पुस्तकातला दुसरा धडा याला जोडावा लागतो. जे एकाच्या बाबतीत खरे आहे ते सर्वांच्या बाबतीत खरे असेलच असे धरून चालणे, ही चूक तर्कशास्त्रात जुनी आहे. सॅम्युअलसन ती विद्यार्थ्याच्या हाती पहिल्याच धड्यात देतो. आमच्याकडचा दाखला द्यायचा तर, दुष्काळात एकट्याच्याच विहिरीला पाणी असले तर त्याचे सोने होते. सगळ्यांच्याच विहिरी भरल्या तर सोने कोणाचेच होत नाही. त्या मुलाच्या बापाने एकट्याने कष्ट कमी केले असते, तर लासलगावचा भाव एका पैशानेही हलला नसता आणि त्याचा तोटा उलट वाढला असता. म्हणजे त्याच्या एकट्यापुरते माझे ‘तरी’ बरोबर होते. पण हजारो बापांनी मिळून जे कष्ट केले त्यांच्यापुरते मुलाचे ‘म्हणून’ बरोबर होते. दोन्ही शब्द खरे. आणि मी, भाषेचा मास्तर, त्यांतला अधिक खोल जाणारा शब्द खोडून बसलो होतो.

वाचकांनी असे समजू नये की हा केवळ शब्दांचा खेळ आहे. ‘तरी’ म्हटले की दोष नशिबाकडे जातो, नाही तर त्या माणसाकडे. कष्ट करूनही ज्याला फळ नाही तो करंटा, त्याला शेती कळत नाही, त्याच्या हाताला यश नाही, असे गाव म्हणते आणि काही काळाने तो माणूसही मनात तेच म्हणू लागतो. आमच्याच निफाड तालुक्यातल्या एका शेतकऱ्याने २०१८ च्या अखेरीस साडेसातशे किलो कांद्याचे आलेले १,०६४ रुपये थेट पंतप्रधानांना मनीऑर्डरने पाठवून दिले. तो चिडला होता, आणि चिडला हे बरेच झाले. जे चिडत नाहीत ते स्वतःला खातात. अशा माणसाला कोणी तरी सांगायला हवे की बाबा, तुझ्या हातात दोष नाही. हे सांगणारे शास्त्र कोरडे आहे, त्याला डोळ्यांत पाणी आणता येत नाही, हे मला मान्य आहे. पण माझ्या निबंधाच्या विषयापेक्षा त्या कोरड्या शास्त्रात अधिक दया होती.

हे माझे ऋण झाले. आता वक्त्यांच्या तीन आरोपांकडे वळतो.

पहिला आरोप, पुस्तक परके आहे. आहेच. १९४८ साली अमेरिकेत ते प्रथम छापले गेले. तिथल्या एका तंत्रविद्यालयात अर्थशास्त्र सक्तीचे होते आणि मुले त्याला विटली होती, म्हणून विभागाच्या प्रमुखांनी एका तरुण प्राध्यापकाला मुलांना आवडेल असे पुस्तक लिहायला सांगितले, अशी त्याची जन्मकथा आहे. पण पीक वाढले की उत्पन्न घटते, हा अनुभव काही अमेरिकेचा नव्हे. इंग्लंडात चार्ल्स डॅव्हेनंट याने १६९९ साली छापलेल्या तक्त्यात, धान्याचे पीक एक दशांशाने घटले तर भाव तीन दशांशांनी चढतो, असे गणित आहे. म्हणजे शिवछत्रपतींचे मावळे पाहिलेली माणसे अजून हयात होती, त्या काळची ही गोष्ट. आणि परक्या पुस्तकाचा विटाळ मानायचा तर आधी लोकहितवादींना वाळीत टाकावे लागेल. १८१८ ला पेशवाई बुडाली आणि १८४९ मध्ये त्यांनी इंग्रजी ग्रंथाच्या आधारे ‘लक्ष्मीज्ञान’ मराठीत आणले. राज्य गेल्याला पुरती बत्तीस वर्षेही झाली नव्हती. ज्यांनी राज्य नेले त्यांचा हिशेब ज्या विद्येत लिहिलेला आहे ती विद्या आधी वाचून घ्यावी, हे त्या सरदारपुत्राला उमगले होते. आज पावणेदोनशे वर्षांनी आम्ही पुस्तकाचे गोत्र विचारतो आहोत.

दुसरा आरोप, पुस्तक शिळे आहे. यात तथ्य आहे, आणि वक्त्यांनी दिले नाहीत ते पुरावे मी देतो. सोव्हिएत रशियाचे उत्पन्न काही दशकांत अमेरिकेला गाठील, असा अंदाज सॅम्युअलसनने १९६१ च्या आवृत्तीपासून पुढे अनेक आवृत्त्यांत केला. वर्षे लोटत गेली तसतसा तो मुहूर्त पुढे सरकत गेला. १९८९ च्या आवृत्तीतसुद्धा सोव्हिएत व्यवस्था भरभराटीला येऊ शकते असे म्हटले होते, आणि १९९१ मध्ये तो देशच नकाशावरून गेला. इतकी मोठी चूक इतक्या मोठ्या माणसाने इतक्या उघड्यावर केलेली सहसा आढळत नाही. पण ती चूक कोणत्या भागात आहे हे पाहावे. ती भविष्यकथनाच्या भागात आहे. मागणी, पुरवठा, भाव वाढला की कोण किती मागे सरतो, एकाचे सत्य आणि सर्वांचे सत्य, हा भाग १९ आवृत्त्यांतून, सुमारे ४० भाषांतून आणि सुमारे ४० लाख प्रतींतून टिकून राहिला आहे. पंचांगातला पाऊस खोटा ठरला म्हणून कोणी तिथी-वार फाडून टाकीत नाही.

तिसरा आरोप सर्वांत नवा आणि त्यामुळे सर्वांत अधिक टाळ्या मिळवणारा. आता फोनवर क्षणात भाव कळतो, मग पुस्तक कशाला? मी विचारतो, भाव किती हे कळल्याने भाव का हे कळते काय? २०१९ च्या डिसेंबरात शहरांत कांद्याने किलोला शंभरी ओलांडली. तो आकडा प्रत्येकाच्या फोनवर होता. ज्याला त्याला तो एकट्यासाठी आलेला निरोप वाटला, आणि ज्याने त्याने जमेल तिथे कांदा वाढवला. पुढे आवक वाढली, भाव उतरला. आजच्या भावावर उद्याची लागण ठरते आणि उद्याच्या लागणीवर परवाचा भाव पडतो. परवाच्या पडलेल्या भावाने लोक लागण कमी करतात आणि तेरवा पुन्हा भाव चढतो. पुस्तकांत ही आकृती काढली की ती कोळ्याच्या जाळ्यासारखी दिसते आणि तिला नावही तेच आहे. फोनने हे जाळे तुटले नाही. पूर्वी बातमी बैलगाडीच्या गतीने यायची तेव्हा काही जण तरी वेगळ्या वेळी वेगळी चूक करीत. आता सगळे एकाच दिवशी एकच चूक करतात.

वक्त्यांचे आरोप इथे संपतात. पण माझ्या मते त्या पुस्तकावरचा खरा आरोप त्यांनी केलाच नाही. तो करणारा माणूस आमच्या शेजारचा आहे.

नाशिकहून छत्रपती संभाजीनगरकडे जाणारा रस्ता आधी निफाड घेतो, मग विंचूर, मग येवला. त्यांतल्या निफाडला १८ जानेवारी १८४२ रोजी महादेव गोविंद रानडे जन्मले. मुंबई विद्यापीठाच्या अगदी पहिल्या पदवीधरांपैकी ते एक. १८९२ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात त्यांनी हिंदी अर्थशास्त्रावर जे व्याख्यान दिले त्यात इंग्रजी पुस्तकांच्या मुळावरच घाव घातला. पुस्तकातला माणूस केवळ आपला फायदा पाहतो, त्याचे भांडवल आणि त्याचे श्रम जिथे अधिक मिळेल तिथे मोकळेपणाने जातात, तो करार करतो तो बरोबरीच्या नात्याने करतो. आमच्या देशात जात आहे, रूढी आहे, कर्ज आहे. इथे माणूस जागचा हलत नाही आणि करार बरोबरीचा होत नाही. तेव्हा तिथले नियम इथे जसेच्या तसे लावू नका, असा त्यांचा एकूण रोख होता.

हा आरोप आजही विंचूरच्या बाजारात उभा आहे. पुस्तकातला विकणारा भाव पटला नाही तर थांबतो. आमचा विकणारा कसा थांबणार? सोसायटीचे कर्ज ३१ मार्चच्या आत भरायचे असते. रांगडा कांदा चाळीत टिकत नाही. उन्हाळ कांदा काही महिने टिकतो, पण त्यालाही कोंब येतात, तोही सडतो, वजनात घटतो. काढणीला आलेल्या बायांची मजुरी संध्याकाळी द्यावी लागते. त्या बायांचे कष्ट पुस्तकाच्या आलेखात कुठल्या रेषेवर आहेत हे मला अजून सापडलेले नाही. घेणाऱ्याला मात्र आज नाही तर उद्या घेता येते. एकाला घाई आणि दुसऱ्याला सवड असेल, तर दोन रेषा जिथे छेदतात तो बिंदू न्यायाचा असतो असे कोणी म्हणू नये.

मग रानड्यांचे ऐकून पुस्तक रद्दीत घालावे काय? इथेच माझा मुद्दा आहे. रानडे त्या पुस्तकांशी भांडू शकले कारण त्यांनी ती पानन् पान वाचली होती. कुठल्या गृहीतावर इमारत उभी आहे हे ठाऊक असल्याखेरीज कुठली वीट काढायची ते कळत नाही. नुसते ‘हे विलायती आहे’ म्हणून हिणवणारे त्या काळीही पुष्कळ होते. त्यांचे नाव आज कोणाला आठवत नाही.

रस्त्याने पूर्वेला चला. येवल्याला १९३५ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली, हे सर्वांना ठाऊक आहे. पण हा पुरुष मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात अर्थशास्त्राचा प्राध्यापक होता, आणि १९१८ साली त्याने हिंदुस्थानातल्या लहान शेतांच्या प्रश्नावर एक निबंध लिहिला होता, हे किती जणांना ठाऊक आहे? तेव्हा मोठेमोठे लोक म्हणत होते की शेते लहान आहेत म्हणून शेती बुडते. शेते जोडून मोठी करा की झाले. आंबेडकरांनी उत्तर दिले ते पहिल्या पुस्तकाच्या आधाराने. शेत लहान की मोठे हे त्याच्या नुसत्या मापावर ठरत नाही. त्याला जोडलेले श्रम आणि भांडवल यांच्या प्रमाणावर ठरते. आमच्याकडे अवजारे-भांडवल कमी आणि जमिनीवर माणसांचा भार फार. तेव्हा हा भार कारखानदारीकडे वळवल्याखेरीज शेती सुधारणार नाही. उत्पादनाच्या घटकांचे प्रमाण हा विषय कोणत्याही प्राथमिक पुस्तकात सापडतो. हजारोंनी तो परीक्षेपुरता वाचला असेल. या एका माणसाने तो हत्यारासारखा वापरला.

आणि तिसरे नाव खुद्द नाशिकचे. धनंजयराव गाडगीळ १९०१ साली नाशिकला जन्मले, केंब्रिजला शिकले, १९२४ मध्ये हिंदुस्थानच्या औद्योगिक उत्क्रांतीवरचा त्यांचा ग्रंथ निघाला आणि पुढे कित्येक पिढ्यांनी तोच पाठ्यपुस्तकासारखा वाचला. तेच गाडगीळ प्रवरानगरच्या सहकारी साखर कारखान्याचे पहिले अध्यक्ष झाले. एकट्या शेतकऱ्याला बाजारात भाव ठरवता येत नाही, हे पुस्तकातले वाक्य त्यांनी पाठ केले होते. म्हणून शेतकऱ्याने एकटे राहू नये, हे पुढचे वाक्य त्यांना सुचले. उसाला ते साधले, कारण उसाची साखर होते आणि साखर गोदामात थांबते. कांद्याचे पाणी होते. आमचा प्रश्न अधिक अवघड आहे, तेव्हा आम्हाला पहिल्या पुस्तकाची गरज अधिक आहे, कमी नव्हे.

या तिघांत मतभेद थोडे नाहीत. पण तिघेही त्या पहिल्या धड्यांतून गेले आणि मग आपापल्या वाटेने पुढे गेले. वक्ते महाशय आम्हाला सांगतात की त्या दारातून जाऊच नका. दाराबाहेर उभे राहून फार तर घोषणा देता येतात.

आता त्या दुसऱ्या लोकांना दोन शब्द ऐकवल्याखेरीज माझा कैवार पुरा होत नाही. हे लोक पुस्तक रद्दीत घालीत नाहीत. ते त्याची पूजा करतात, आणि तीही अर्धीच. मार्चमध्ये भाव सहाशेवर आला की ते शहरातल्या दिवाणखान्यातून आम्हाला समजावतात, “अहो, मागणी-पुरवठ्याचा नियम आहे, त्याला कोण काय करणार?” बरे, नियम तर नियम. मग भाव चढतो तेव्हा तो नियम कुठे जातो? २९ सप्टेंबर २०१९ ला निर्यातबंदी आली. १४ सप्टेंबर २०२० ला पुन्हा आली. ज्या २०२३ च्या मार्चमध्ये भाव नाही म्हणून शेतकरी मुंबईला पायी निघाला, त्याच वर्षाच्या १९ ऑगस्टला निर्यातीवर ४० टक्के शुल्क बसले आणि ८ डिसेंबरला निर्यात बंदच झाली. ती उठली ४ मे २०२४ ला, तीही टनामागे ५५० डॉलरच्या किमान निर्यातमूल्याची आणि ४० टक्के शुल्काची अट घालून. किमान मूल्याची अट त्या वर्षाच्या सप्टेंबरात गेली, आणि शुल्काचा शेवटचा २० टक्क्यांचा भाग १ एप्रिल २०२५ ला निघाला. भाव पडला की पुस्तक आणि भाव चढला की अधिसूचना, असा हा न्याय आहे.

शहरातल्या गरिबाच्या ताटाची काळजी सरकारने करू नये असे मी म्हणत नाही. चाळीतल्या त्या बाईला शंभर रुपये किलोने कांदा घेणे जड जाते, आणि ती आमची वैरीण नव्हे. १९८० च्या लोकसभेच्या निवडणुकीपासून १९९८ च्या दिल्लीच्या निवडणुकीपर्यंत कांद्याच्या भावाने राज्यकर्त्यांची झोप उडवली आहे, हेही मी जाणतो. पण पहिले पुस्तक एक प्रश्न विचारायला शिकवते: हे कोणाच्या खिशातून? त्या बाईला स्वस्त कांदा द्यायचा तर त्याचा खर्च साऱ्या देशाच्या तिजोरीतून व्हावा. तो निफाड-चांदवड-येवल्याच्या कांदावाल्याच्या एकट्याच्या खिशातून होतो, आणि त्याला कर म्हणत नाहीत म्हणून तो कोणाला दिसतही नाही. शिवाय बंदीने आज भाव उतरला, तरी परदेशचा ग्राहक दुसरीकडे वळतो, इथला शेतकरी पुढच्या हंगामात हात आखडतो, आणि पुन्हा तुटवडा येतो. पुस्तकात ‘आणि मग पुढे काय?’ असे प्रत्येक पानावर विचारलेले असते. अर्धे पुस्तक वाचणाऱ्यांना नेमके तेच पान सापडत नाही.

म्हणून माझे म्हणणे थोडक्यात इतकेच आहे. प्राथमिक पुस्तक हा बाजारातला काटा आहे. काटा भाव ठरवीत नाही, न्याय करीत नाही, कोणाचे पोट भरीत नाही. आणि त्यात खोट असू शकते, म्हणून तो अधूनमधून तपासून घ्यावा लागतो. पण काटाच फेकून दिला तर मग माल अंदाजाने जाईल, आणि अंदाज नेहमी घेणाऱ्याचा चालतो. शेतकऱ्याच्या मुलाला हा काटा वाचता आला पाहिजे. अमेरिकन पुस्तक नको असेल तर कोणी मराठीत लिहावे, त्यात गव्हाच्या जागी कांदा घालावा, काढणीच्या बायांची रेषाही काढावी. मी पहिली प्रत विकत घेईन. तोवर जे आहे ते रद्दीत घालू नये.

त्या मुलाची वही मी पुढे मागून घेतली होती. माझे लाल वर्तुळ खोडता येत नव्हते. मी शेजारी निळ्या शाईने लिहिले, “तुझा शब्द बरोबर होता,” आणि त्याला जवळ बसवून ते सव्वापटीचे गणित मांडून दाखवले. त्याने ते लगेच समजून घेतले. मग म्हणाला, “सर, हे पप्पांना सांगा ना.”

एका रविवारी मी त्यांच्या घरी गेलो. वडील चाळीतला कांदा निवडीत होते; चांगला एका बाजूला, गोल्टी एका बाजूला, सडका टोपलीत. मी बसलो, पुन्हा सगळे सांगितले. त्यांनी हातातले काम थांबवले नाही, पण ऐकत होते. दोष तुमचा नव्हता, हे वाक्य आले तेव्हा मात्र हात क्षणभर थांबला. मग ते म्हणाले, “मंग सगळ्यांनी थोडा थोडा कमी लावायचा, असंच ना सर?”

मी म्हणालो, “हो.”

“मंग पहिलं कमी कोण लावणार, ते बी लिव्हलंय का त्या पुस्तकात?”

ते लिहिलेले नाही. पण खरा प्रश्न हाच आहे असे तिथे लिहिलेले आहे, आणि दहा एकरांच्या आत शेती असलेला, पुस्तक न पाहिलेला माणूस एका रविवारच्या सकाळी तिथपर्यंत पोचला होता. वक्ते महाशय पुन्हा आमच्या गावी आले, तर मी त्यांना आधी त्या चाळीत घेऊन जाईन.